तनाका किनुयो: बोलपट आल्यावर ही अभिनेत्री टिकली कशी?

मासुंदाकाठ (नौपाडा, ठाणे)

नमस्कार. आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये महिन्यातून दोन शनिवारी जुने चित्रपट दाखवले जातात. प्रेक्षक पंधरा-वीस, बहुतेक साठी ओलांडलेले, आणि चहाची पाळी ठरलेली. गेल्या शनिवारी ‘मादामु तो न्योबो’ हा १९३१ चा जपानी चित्रपट दाखवला. दिग्दर्शक गोशो हेइनोसुके, निर्मिती शोचिकु कंपनीच्या कामाता स्टुडिओची. पहिला यशस्वी संपूर्ण जपानी बोलपट म्हणून याचे नाव घेतले जाते. एक नाटककार लिहिण्यासाठी शांतता हवी म्हणून शहराबाहेरच्या घरात राहायला येतो, आणि मांजरे, रडणारे मूल व शेजारच्या बंगल्यात चाललेला जॅझ वाद्यवृंद यांमुळे त्याला एक ओळही लिहिता येत नाही, एवढीच गोष्ट. योगायोग असा की त्याच वेळी आमच्या शेजारच्या विंगेत लाद्या फोडण्याचे काम चालू होते, त्यामुळे कोणता ठोका चित्रपटातला आणि कोणता बाहेरचा, याचा काही वेळ पत्ताच लागत नव्हता.

नाटककाराच्या बायकोचे काम तनाका किनुयो या अभिनेत्रीने केले आहे. माझ्या सासूबाई (वय ८४, माहेर देवगड) यांना जपानी येत नाही आणि इंग्रजी उपशीर्षके त्यांच्या नजरेला झेपत नाहीत, म्हणून त्या डोळे मिटून नुसते ऐकत होत्या. मध्येच म्हणाल्या, “ही मुंबईची नव्हे हो. हिला हेल आहे.” टोकियोला त्यांनी मुंबई केले यावर सगळे हसले, पण घरी येऊन शोधले तेव्हा कळले की तनाका यांचा जन्म १९०९ साली जपानच्या पश्चिमेकडील शिमोनोसेकी या बंदरात झाला आणि त्यांचे बालपण ओसाकात गेले.

तेव्हापासून एक प्रश्न डोक्यातून जात नाही. आपल्याकडेही पहिला बोलपट ‘आलम आरा’ १९३१ चाच. त्यानंतर मूकपटांतली सर्वांत मोठी तारका सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, हिला हिंदी बोलता येत नसल्याने काही काळ थांबून भाषा शिकावी लागली, हे आपण सर्वांनी वाचलेले आहे. मग टोकियोच्या स्टुडिओत, टोकियोच्या मध्यमवर्गीय गृहिणीच्या भूमिकेत, गावाकडचा हेल असलेली ही अभिनेत्री चालली कशी? नुसती चालली नाही, तर नंतरची किमान दहा वर्षे ती देशातल्या सर्वांत लोकप्रिय अभिनेत्रींपैकी एक होती, असे दिसते. युद्धानंतरच्या, दिग्दर्शक मिझोगुचींच्या चित्रपटांतल्या तनाका यांच्याविषयी भरपूर लिहिलेले सापडते. त्याआधीच्या कारकिर्दीची मात्र दोन-चार वाक्यांत बोळवण केलेली असते. जाणकारांनी कृपया लिहावे.

---

नेरूळवासी

आपल्या सासूबाईंच्या कानाला माझा नमस्कार सांगावा. मी काही वर्षे जपानी भाषा शिकवली आहे आणि माझ्या विद्यार्थ्यांपैकी निम्म्यांना हा फरक दोनदा ऐकवूनही कळत नसे.

हेल होता, हे खरे आहे. तनाका लहान असतानाच वडील वारले, कुटुंबाची ओढाताण झाली आणि बिऱ्हाड ओसाकाला गेले. तिथे त्या बिवा हे तंतुवाद्य शिकल्या आणि मुलींच्या एका बिवा-संगीत नाटक मंडळीत दाखल झाल्या. म्हणजे रंगमंचावर उभे राहण्याची आणि सुरात म्हणण्याची सवय चित्रपटाच्या आधीची आहे. १९२४ साली, वयाच्या चौदाव्या वर्षी, शोचिकुच्या क्योतो येथील शिमोगामो स्टुडिओत त्यांना घेतले आणि त्याच वर्षी ‘गेनरोकु ओन्ना’ हा पहिला चित्रपट आला. पुढच्या वर्षी त्या टोकियोच्या कामाता स्टुडिओत गेल्या. तेव्हा चित्रपट मुका असल्याने हेलाचा प्रश्नच नव्हता. तो सहा वर्षांनी उभा राहिला.

आता “चालली कशी” याबद्दल माझे मत सांगतो. सुलोचनांची अडचण अनोळखी भाषेची होती. तनाका यांची तशी नव्हती. भाषा येतच होती, फक्त ती राजधानीच्या वळणाची नव्हती. दूरच्या गावाहून आलेल्या मुलीने शहरी बोलण्याचा प्रयत्न करावा आणि शब्दाच्या शेवटी गाव डोकावून जावे, असे ते बोलणे आहे. त्या काळच्या टोकियोत अशी माणसे घरोघरी होती. प्रेक्षकांना तो आवाज गोड वाटला आणि त्या हेलाने आपुलकीच वाढवली, असे या चित्रपटाविषयी लिहिणारे जवळजवळ सगळेच सांगतात.

आणखी एक गोष्ट उपशीर्षकांत हरवते. या चित्रपटात बायको नवऱ्याला ज्या शब्दाने हाक मारते तो ‘अनाता’. व्याकरणाच्या पुस्तकात त्याचा अर्थ ‘तुम्ही’ असा देतात, इंग्रजीत त्याचे काहीतरी लाडिक संबोधन करतात. मराठीत मात्र त्याला अगदी बेतशीर शब्द आहे: ‘अहो’. हा शब्द तनाका किती प्रकारे उच्चारतात ते पुन्हा ऐकून पाहावे. मूल उठले आहे म्हणून एक अहो, पैसे संपत आले आहेत म्हणून एक, आणि नवरा शेजारच्या मादामकडे जाऊन रमला आहे हे कळल्यावर एक. मूकपटाच्या शीर्षकपाटीवर या तिन्ही ठिकाणी एकच शब्द छापला गेला असता.

---

जुना रेकॉर्डिस्ट (वाशी)

मी तीस वर्षे ध्वनिमुद्रण केले, त्यामुळे थोडी यंत्राची बाजू मांडतो. ती समजल्याशिवाय तनाका यांच्या त्या कामाचे मोल कळणार नाही.

शोचिकुने हा चित्रपट त्सुचिहाशी बंधूंनी तयार केलेल्या देशी यंत्रणेवर मुद्रित केला. त्या काळात संवाद, वाद्ये, मांजराचा आवाज हे सगळे नंतर वेगवेगळे भरून एकत्र करण्याची सोय जवळजवळ नव्हती. दृश्य चालू असतानाच आवाज घ्यावा लागे, आणि मध्ये तोडता येत नसल्याने एकाच वेळी अनेक कॅमेरे लावून ठेवावे लागत. वाद्यवृंद हवा असेल तर तो तिथेच जवळपास बसवायचा. नटाने मान वळवली की आवाज गेला. मोठ्याने बोलला की मुद्रण फाटले. रंगभूमीवर कमावलेला, शेवटच्या रांगेपर्यंत फेकलेला आवाज या माइकला अजिबात मानवत नाही. उलट हलका, जवळचा, किंचित नाकातला आवाज त्याला आवडतो. तनाका यांचा आवाज तसाच आहे. त्यांनी माइकसाठी तो तसा काढला की मुळातच तसा होता, हे मी सांगू शकत नाही. परंतु ज्या दृश्यात त्या मुलाला जोजवत पुटपुटतात, ते दृश्य हेडफोन लावून ऐका. पुटपुटण्याचा आवाज १९३१ च्या माइकवर इतका स्वच्छ येणे ही सोपी गोष्ट नाही. बोलणारीला माइक कुठे आहे हे ठाऊक हवे, आणि ठाऊक आहे असे दिसता कामा नये.

कथानक गोंगाटाचे निवडण्यातही चातुर्य आहे. पहिल्या बोलपटात आवाज दाखवायचा तर काय दाखवणार? गाणी दाखवता आली असती, आपण तेच केले. गोशोंनी त्रास देणारा आवाज दाखवला आणि मुद्रणातली खरखर त्या त्रासात खपून गेली, असा मला तरी संशय आहे.

आता कामाताबद्दल. हा टोकियोच्या दक्षिणेचा, योकोहामाकडे जाणारा भाग. १९२० मध्ये स्टुडिओ सुरू झाला तेव्हा आसपास मोकळी जागा होती. दहा-पंधरा वर्षांत सगळीकडे कारखाने झाले. मूकपटाला त्याचे काही नव्हते, पण बोलपट सुरू झाल्यावर कारखान्यांच्या खडखडाटात मुद्रण करणे अशक्य झाले आणि जानेवारी १९३६ मध्ये शोचिकुने सगळा संसार उचलून ओफुना येथे नेला. ठाणे-बेलापूर पट्ट्यात ज्यांनी काही ध्वनिमुद्रित करण्याचा प्रयत्न केला असेल त्यांना हे वेगळे सांगायला नको. मी एकदा तुर्भ्याजवळच्या एका गाळ्यात रात्री दोन वाजता एका निवेदिकेची सहा मिनिटे मुद्रित करायला बसलो होतो. दर चौथ्या वाक्याला ट्रक मागे घेण्याची पिपाणी वाजे. पहाटे पाचपर्यंत आम्हाला सलग सव्वा मिनिट मिळाले. शेवटी त्या बाई म्हणाल्या, “ट्रकवाल्यालाच श्रेयनामावलीत घ्या.”

---

पारसिक

वरील दोन्ही प्रतिसाद वाचनीय आहेत, पण माझा थोडा मतभेद आहे, आणि तो प्रश्नाच्या मांडणीशीच आहे. ‘बोलपट आल्यावर टिकली कशी’ असे म्हणताना आपण १९३१ ही एक रेषा धरतो: अलीकडे मूकपट, पलीकडे बोलपट. आपल्याकडे ही रेषा बऱ्यापैकी खरी आहे, कारण ‘आलम आरा’नंतर तीन-चार वर्षांत मूकपट संपले. जपानमध्ये मात्र ती पुसट आहे. तिथे प्रत्येक चित्रपटगृहात पडद्याशेजारी उभा राहून संवाद म्हणणारा, कथा सांगणारा बेन्शी असे. प्रेक्षक चित्रपटाइतकेच त्याच्या आवाजासाठी तिकीट काढत. मूकपट मुळात मुका नव्हताच, आणि हा वर्ग सहजासहजी जागा सोडणार नव्हता. १९३२ मध्ये बेन्शींनी संप केला, तरी बोलपट थांबला नाही. दिग्दर्शक कुरोसावांचे थोरले भाऊ हेइगो बेन्शी होते, त्यांनी १९३३ मध्ये आत्महत्या केली. थोडक्यात, हे संक्रमण लांबले आणि ते कोणासाठी जीवघेणेही ठरले. तरीही मूकपट १९३५ पर्यंत निघतच राहिले. दिग्दर्शक ओझूंनी आपले छायाचित्रकार मोहारा हिदेओ यांना शब्द दिला होता की तुमची ध्वनियंत्रणा तयार झाली की तिच्यावरच मी बोलपट करेन. तो शब्द त्यांनी १९३६ पर्यंत पाळला.

याचा अर्थ असा की तनाका ‘मादामु तो न्योबो’नंतर पुन्हा मूकपटांत कामे करीत होत्या, आणि माझ्या मते त्यांची युद्धपूर्व काळातली सर्वोत्तम कामे त्याच मूकपटांत आहेत. १९३३ हे एकच वर्ष घ्या. गोशोंचा ‘इझुची नर्तकी’, लेखक कावाबातांच्या कथेवरचा: तेवीस वर्षांच्या तनाका त्यात फिरत्या खेळकऱ्यांतली कोवळी पोर झाल्या आहेत. त्याच वर्षी ओझूंचा ‘तोक्यो नो ओन्ना’, आणि ओझूंचाच ‘हिजोसेन नो ओन्ना’. या शेवटच्या चित्रपटात त्या तोकिको आहेत: दिवसा कचेरीत टंकलेखिका, रात्री एका गुंडाची प्रेयसी. किमोनो नाही, मुलाला जोजवणे नाही. अंगाला घट्ट बसणारा पाश्चात्त्य पोशाख, आणि शेवटी प्रियकर पळून जाऊ नये, दोघांनी शिक्षा भोगून नव्याने सुरुवात करावी, म्हणून त्याच्या पायावर गोळी झाडणारी बाई. आवाजाच्या गोडव्याने ही अभिनेत्री तरली असे म्हणणाऱ्यांनी तोकिकोचा चेहरा पाहावा.

दुसरे म्हणजे, १९३१ मध्ये त्या नवख्या नव्हत्या. विशीच्या आतच वर्षाला दहाहून अधिक चित्रपट करणारी ती अभिनेत्री होती. कामाता स्टुडिओचे प्रमुख किदो शिरो यांचे धोरण होते की सामान्य शहरी माणसांच्या रोजच्या जगण्यावर, थोडे हसवणारे, थोडे रडवणारे चित्रपट काढायचे. अशा चित्रपटांना देखणी पण दूरची वाटणारी नायिका नको होती, शेजारच्या घरात राहत असेल अशी मुलगी हवी होती. तनाका यांचे नाव इतके चालत होते की चित्रपटाच्या शीर्षकातच ते घातले जाई: १९३० मध्ये ‘किनुयो मोनोगातारी’, १९३७ मध्ये ‘जोइ किनुयो सेन्सेइ’ म्हणजे डॉक्टर किनुयो, १९४० मध्ये ‘किनुयो नो हात्सुकोइ’ म्हणजे किनुयोचे पहिले प्रेम. नटीचे स्वतःचे नाव तिकीटबारीवर पाटी म्हणून लावावे, एवढी ही ओळख दाट होती.

आणि १९३८ चा ‘आइझेन कात्सुरा’ तर कहरच. दिग्दर्शक नोमुरा हिरोमासा, नायक उएहारा केन. विधवा परिचारिका, पदरी लहान मुलगी, रुग्णालयाच्या मालकाचा डॉक्टर मुलगा, एका झाडाला साक्षी ठेवून घेतलेली शपथ, आणि स्थानकावर थोडक्यात होणारी चुकामूक. चित्रपट म्हणून मला तो फारसा आवडत नाही. योगायोग इतके आहेत की आमची आजी हयात असती तर तीसुद्धा म्हणाली असती, “पुरे झाले.” पण चीनशी युद्ध सुरू होऊन वर्ष झालेल्या देशाने तो डोक्यावर घेतला, पुढच्याच वर्षी त्याचे दोन भाग निघाले, आणि त्यातले ‘ताबी नो योकाझे’ हे गाणे घराघरांत गेले. आता हेल, माइक, आवाज हे सारे एका बाजूला ठेवा: पोर सांभाळत नोकरी करणारी, अब्रूला जपणारी आणि तरीही प्रेमाचा हक्क मागणारी बाई त्या पडद्यावर होती. थिएटरात रडणाऱ्या बायकांना तीच हवी होती.

---

मासुंदाकाठ

पारसिक यांचे आभार. माझी रेषाच चुकली होती, हे मान्य.

‘हिजोसेन नो ओन्ना’ काल रात्री पाहिला. आपण म्हणता ते पटले, आणि त्यात एक गंमतही सापडली. ग्रामोफोनच्या दुकानातील दृश्यांत कान टवकारून बसलेला कुत्रा, तो आपल्याकडे तबकड्यांवर असायचा तोच, पुन्हा पुन्हा दिसतो. आवाज नसलेल्या चित्रपटात आवाज ऐकणारा कुत्रा! तोकिको त्या दुकानात काम करणाऱ्या साध्या मुलीला धमकवायला जाते आणि तिच्यावरच लोभावते, तेव्हा तनाका यांचा चेहरा कठोर राहतो आणि हात मात्र सैल पडतात. हे मी दोनदा मागे नेऊन पाहिले.

मात्र आपण म्हणता तसे ‘सर्वोत्तम कामे मूकपटांत’ असे ठरवायला आपल्यापुढे आहे किती? मी यादी करू लागले तर दर दोन नावांमागे एक ‘उपलब्ध नाही’ येते. ओझूंच्या १९२९ च्या ‘दाइगाकु वा देता केरेदो’चे, म्हणजे ‘पदवी तर मिळाली, पण...’ या चित्रपटाचे तर जेमतेम अकरा मिनिटे उरली आहेत. त्यातही तनाका आहेत, बेकार पदवीधराच्या बायकोच्या भूमिकेत. नवरा तिला ‘संडे मैनिची’ या साप्ताहिकाचे मुखपृष्ठ दाखवून सांगतो की माझे हे असे आहे, रोजच रविवार. पुढे ती त्याला न सांगता कॅफेत नोकरी धरते. अकरा मिनिटांत एवढे कळते, बाकीचे तासाभराचे तिचे काम कसे होते, कोण सांगणार?

---

पारसिक

आपला आक्षेप रास्त आहे. ‘उरलेल्यांतली सर्वोत्तम’ असे मी म्हणायला हवे होते. नायट्रेटची फीत मुळात पेट घेणारी आणि सडणारी, त्यात शहरांवरचे बाँबहल्ले. शिवाय एकदा चालून गेलेला चित्रपट जपून ठेवण्यासारखी वस्तू आहे, असे तेव्हा कंपन्यांनाच वाटत नव्हते. मूळ ‘आइझेन कात्सुरा’सुद्धा आज आपल्याला नंतर काटछाट करून जोडलेल्या आवृत्तीतच पाहावा लागतो, तेव्हा मी त्याच्या योगायोगांना नावे ठेवली तीही थोडी सांभाळूनच घ्यावीत. ‘आलम आरा’ची एकही प्रत ज्यांच्याकडे उरली नाही त्या आपण या बाबतीत कोणाला बोल लावू नये.

---

नेरूळवासी

हरवलेल्या चित्रपटांचा विषय निघालाच आहे तर ‘नानिवा ओन्ना’चा उल्लेख व्हायला हवा. १९४० चा हा चित्रपट म्हणजे तनाका आणि मिझोगुची यांचे पहिले एकत्र काम, ओसाकाच्या बुनराकु बाहुलीनाट्यातल्या एका शामिसेन वादकाच्या पत्नीची भूमिका. चित्रीकरणाआधी मिझोगुचींनी बुनराकुवरच्या पुस्तकांचा ढीग त्यांच्यापुढे ठेवला आणि हे सगळे वाचून या म्हणून सांगितले, असे तनाका यांनीच पुढे सांगितले आहे. शाळा लवकर सुटलेल्या बाईने ती वाचून काढली. पुढे मिझोगुचींच्याच ‘सायकाकु इचिदाइ ओन्ना’मध्ये जी तनाका जगाला दिसली तिची सुरुवात या चित्रपटात झाली, आणि तोच आज नाही. योगायोग पाहा: ज्या ओसाकाच्या वळणाने त्यांच्या टोकियोतल्या बोलण्यात गाव डोकावत असे, ते वळण या भूमिकेसाठी हवेच होते.

आपण मूळ प्रश्नात अभिनेत्रींच्या काळाबद्दल विचारले नव्हते, तरी एक संदर्भ देतो, कारण त्याशिवाय १९२४ चे महत्त्व कळत नाही. जपानी चित्रपटांत १९१० च्या दशकात बहुतेक स्त्रीभूमिका पुरुषच करीत. काबुकी रंगभूमीची ती परंपरा सरळ स्टुडिओत आली होती, आणि निक्कात्सु कंपनीने ती १९२२ पर्यंत चालवली. बालगंधर्व पाहिलेल्या आपल्या आजोबा-आजींना त्याचे नवल वाटले नसते. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती झालेले अण्णा साळुंके होतेच. पण कमलाबाई गोखले आणि त्यांच्या आई दुर्गाबाई कामत १९१३ मध्येच फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये पडद्यावर आल्या, आणि जपानची पहिली मोठी तारका कुरिशिमा सुमिको १९२१ मध्ये कामातामध्येच उभी राहिली. तनाका तिच्यानंतर अवघ्या तीन वर्षांनी आल्या. म्हणजे पडद्यावर बाईने बाईसारखे चालावे कसे, रडावे कसे, नवऱ्यावर चिडावे कसे, याचे जुने वळण त्यांच्यापुढे फारसे नव्हतेच. असलेले वळण पुरुषांनी घडवलेले, शैलीदार आणि देखणे होते, आणि बोलपटातल्या स्वयंपाकघरात ते चालले नसते. तनाका यांना टिकायला जे उपयोगी पडले त्यात हा रिकामेपणाही मोजावा, असे मला वाटते.

कुरिशिमा, तनाका, यामादा इसुझु आणि लहानपणापासून पडद्यावर असलेली ताकामिने हिदेको या चौघी दिग्दर्शक नारुसे यांच्या १९५६ च्या ‘नागारेरु’मध्ये एकाच घरात वावरताना दिसतात. युद्धपूर्व काळ आवडणाऱ्याने तो चित्रपट कथेसाठी पाहू नये, त्या चौघींच्या बसण्या-उठण्यासाठी पाहावा. तनाका त्यात मोलकरीण आहेत.

---

जुना रेकॉर्डिस्ट (वाशी)

मी एक चित्रपट सुचवतो, कारण वरच्या चर्चेत तो आला नाही आणि आपल्या हॉलमधल्या मंडळींना तो नक्की आवडेल. शिमिझु हिरोशी यांचा १९४१ चा ‘कान्झाशी’. शिमिझु आणि तनाका यांचा विशीच्या उंबरठ्यावर सुमारे दोन वर्षांचा संसार होता, तो १९२९ मध्ये मोडला, आणि त्यानंतरही दोघांनी एकमेकांबरोबर काम केले. उन्हाळ्यात गरम पाण्याच्या झऱ्याकाठच्या एका खानावळवजा निवासात काही पाहुणे उतरलेले आहेत. एका सैनिकाच्या पायात हौदात पडलेला केसांचा आकडा रुततो. तो आकडा जिचा, ती बाई माफी मागायला टोकियोहून परत येते आणि राहूनच जाते. सैनिकाचे काम र्यू चिशू यांनी केले आहे. तो कुबड्या सोडून चालायला शिकतो, इतकेच घडते. शेवटी सगळे पाहुणे आपापल्या घरी गेल्यावर तनाका छत्री घेऊन एकट्याच त्याच वाटेने, त्याच पायऱ्यांवरून चालतात जिथे तो चालण्याचा सराव करीत असे. संवाद नाही. दहा वर्षांपूर्वी आवाजामुळे गाजलेल्या अभिनेत्रीच्या ध्वनिपट्टीवर मी फक्त पावले ऐकली, आणि मला ती पुरली.

युद्ध सुरू असताना काढलेला चित्रपट आहे, आणि त्यात युद्धाचे नाव कोणी काढत नाही. सैनिक बरा झाला की कुठे जाणार हे मात्र पाहणाऱ्याला ठाऊक असते.

---

मासुंदाकाठ

सर्वांचे मनापासून आभार. ‘कान्झाशी’ पावसाळ्यात ठेवते, छत्रीमुळे. येत्या शनिवारी ‘हिजोसेन नो ओन्ना’ ठरला आहे, आणि पारसिक यांनी बेन्शींबद्दल लिहिले ते वाचून दाखवल्यावर हॉलमधल्या मंडळींनी ठराव केला की इंग्रजी पाट्या वाचत बसण्यापेक्षा कोणीतरी पडद्याशेजारी उभे राहून मराठीत संवाद म्हणावेत. ते काम माझ्यावर आले आहे. सासूबाई म्हणाल्या की आता तरी मला डोळे उघडे ठेवून बघता येईल.

काल संध्याकाळी पाट्यांचे मराठी करायला बसले आणि पहिल्याच पानावर अडले. ‘मादामु तो न्योबो’मधल्या बायकोला ‘अहो’ म्हणायला लावणे सोपे होते, नेरूळवासींनी ते सुचवलेच आहे. पण तोकिकोचे काय? ती लग्नाची नाही, पण राहते त्याच्याबरोबर. त्याच्यासाठी कचेरीतल्या साहेबाच्या मुलाकडून भेटवस्तू काढते, आणि शेवटी त्याच्यावरच गोळी झाडते. तिच्या तोंडी ‘अहो’ घातला तर गोळी झाडण्याच्या वेळी हॉलमध्ये हशा पिकेल अशी भीती वाटते. ‘अरे’ घातला तर ती कॉलेजातली मैत्रीण वाटते. नेरूळवासी, मूळ पाट्यांवर तिथेही ‘अनाता’च आहे का? असल्यास आपण काय केले असते?

---

नेरूळवासी

आहे, ‘अनाता’च आहे. मी अहो-जाहो ठेवून हाक मात्र गाळली असती. “थांबा. पळू नका.” एवढेच, आणि गोळी.

---

मासुंदाकाठ

हे सासूबाईंना म्हणून दाखवले. त्या म्हणाल्या, “नाही. त्या वेळेला तिने ‘अहो’च म्हणायचं. फक्त हळू.” शनिवारी दोन्ही म्हणून पाहते. संध्याकाळी साडेसहाला सुरू होईल, ठाणे-नवी मुंबईतून कोणी येणार असल्यास व्यक्तिगत निरोप करावा. लाद्यांचे काम अजून चालू आहे, पण या वेळी चित्रपट मुका आहे.